आईने दिलेले घर परत घेताना

जानेवारी २०२६ मध्ये, सांगलीच्या गावभागातल्या आमच्या घराच्या मालमत्ता पत्रकावर आईचे नाव पुन्हा लागले. पाच वर्षांपूर्वी तिनेच स्वतःच्या सहीने ते घर एका आध्यात्मिक संस्थेच्या न्यासाला देऊन टाकले होते. मधल्या काळात आम्ही जे केले आणि जे करायला नको होते, ते दोन्ही क्रमाने लिहून ठेवते आहे, कारण सुरुवातीला मला आधी काय करायचे आणि मग काय, एवढे सांगणारे माणूस हवे होते आणि ते फार उशिरा भेटले. संस्थेचे नाव लिहिणार नाही. एकमेकांची नावे घेऊन जाहीर आरोप करायचे नाहीत, अशी तडजोडीत अट आहे, आणि अट नसती तरी आईला ते आवडले नसते.

वडील नोव्हेंबर २०१८ मध्ये गेले. घर त्यांच्या कमाईचे होते, त्यामुळे हिंदू उत्तराधिकार कायद्याप्रमाणे त्यावर आई, माझा भाऊ आणि मी अशा तिघांचा सारखा हक्क आला. आईच्या हयातीत घर तिच्या एकटीच्या नावावर असावे, असे आम्हा दोघांनाही वाटले आणि आम्ही तिच्या नावे हक्कसोडपत्र नोंदवून दिले. त्या सहीचा पुढे मला अनेकदा पश्चात्ताप झाला, हे लपवत नाही.

ऑगस्ट २०१९ च्या महापुरात आयर्विन पुलापाशी कृष्णेची पातळी ५७ फुटांच्या वर गेली. धोक्याची पातळी ४५ फुटांची आहे, यावरून गावभागाचे काय झाले असेल याची कल्पना यावी. आई तेव्हा माझ्याकडे विश्रामबागेत होती. पाणी ओसरल्यावर आम्ही घरी गेलो, तेव्हा तळमजल्यावर घोट्याच्या वर गाळ होता, धान्याची कोठी कुजली होती आणि बाबांचा भिंतीवरचा फोटो गाळात पालथा पडला होता. शेजारच्या गल्लीत पांढऱ्या कपड्यांतले दहा-बारा तरुण खराटे आणि फावडी घेऊन काम करत होते. ते न बोलावता आमच्याकडे आले, दोन दिवसांत त्यांनी घर धुऊन काढले आणि चहासुद्धा घेतला नाही. त्यांतल्या एकाने बाबांच्या फोटोची काच ओल्या फडक्याने पुसून, खिळा ठोकून, तो पुन्हा भिंतीवर लावला. आईने पुढे त्या माणसांसाठी जे जे केले, त्याची सुरुवात माझ्या मते त्या खिळ्यापासून झाली. मी त्या वेळी महापालिकेच्या पंचनाम्याच्या रांगेत उभी होते.

आमचे घर दत्तभक्तांचे आहे. औदुंबर आणि नरसोबाची वाडी हे आईचे माहेरपणापासूनचे रस्ते आणि गोंदवल्याला ती वर्षातून एकदा तरी जाई, त्यामुळे ती त्या तरुणांच्या संस्थेच्या गुरुवारच्या सत्संगाला जाऊ लागली याचे आम्हाला काहीच वाटले नाही. आपल्याकडे संप्रदाय हा शब्द निंदेचा नाही. वारकरी, नाथ, दत्त यांच्याविषयी आपण तो आदरानेच वापरतो. इंग्रजीत कल्ट म्हणतात त्याला मराठीत नेमका शब्द नाही. बुवाबाजी म्हटले की अंगारे, धुपारे आणि लिंबू-मिरच्या डोळ्यांपुढे येतात, आणि त्यांतले तिथे काहीही नव्हते. तिथे प्रोजेक्टर होता, श्वासाचे व्यायाम होते, पायऱ्यापायऱ्यांचे वर्ग होते. पहिल्या पायरीची देणगी ११०० रुपये, दुसरीची ५१००, तिसरीसाठी एकवीस दिवसांचा निवास. आईने आधी दूरचित्रवाणीवरच्या बातम्या सोडल्या, नंतर गल्लीतली भिशी सोडली आणि मग शेजारणींकडे जाणे सोडले. नातेवाईक साधकाला खाली ओढतात, हे वाक्य तिच्या तोंडून मी पहिल्यांदा ऐकले तेव्हा हसले होते. २०२० च्या टाळेबंदीनंतर ती संस्थेच्या केंद्रावरच राहायला गेली. ते शेजारच्या तालुक्यात, एसटीने दोन तासांवर होते.

बक्षीसपत्र १२ जानेवारी २०२१ रोजी नोंदवले गेले. आम्हाला ते कळले जून २०२२ मध्ये, घरपट्टीचे बिल न्यासाच्या नावे आले तेव्हा. तासगाव तालुक्यातली सव्वा एकर शेतजमीनही आईच्याच नावावर होती, पण तिला कोणी हात लावला नव्हता, याचे मला आश्चर्य वाटले. वकिलांनी पुढे खुलासा केला: कूळकायद्याच्या कलम ६३ मुळे शेतकरी नसलेल्याला परवानगीशिवाय शेतजमीन देता येत नाही. म्हणजे ज्यांनी दस्त केला त्यांना कायदा चांगला ठाऊक होता.

पुढचे चार-पाच महिने आम्ही फक्त चुका केल्या. भाऊ पुण्याहून आईला भोंदूबाबांचे व्हिडिओ पाठवू लागला. मी १९७८ च्या जोन्सटाउनची माहिती छापून नेली, जिथे एका धर्मगुरूच्या नऊशेहून अधिक अनुयायांचा एका दिवसात अंत झाला होता. शेंगदाण्याची आमटी आणि भात खाऊन अकरा वाजता झोपणाऱ्या माणसांच्या केंद्रात मी तो कागद पुढे केला. आईने शांतपणे वाचला आणि विचारले, "इथे कोणी तुला असे दिसते का?" त्यानंतर तीन महिने तिने आमचे फोन घेतले नाहीत. भावाचे डोके एवढे फिरले की रुग्णवाहिका नेऊन तिला उचलून आणायची त्याने तयारी केली होती.

आम्ही पोलीस ठाण्यातही गेलो. सातारकर डॉ. नरेंद्र दाभोलकर यांच्या २० ऑगस्ट २०१३ च्या हत्येनंतर आधी अध्यादेश आणि मग डिसेंबरात कायदा होऊन जादूटोणाविरोधी तरतुदी आल्या, एवढे माहीत होते. त्यात सहा महिने ते सात वर्षे शिक्षा आहे, प्रत्येक ठाण्यात त्यासाठी दक्षता अधिकारी असतो, हेही वाचले होते. त्या अधिकाऱ्यांनी कायद्याची अनुसूचीच पुढे ठेवली. तीत बारा प्रकारची कृत्ये आहेत: भूत उतरवण्यासाठी मारहाण, चमत्काराच्या नावाखाली फसवणूक, औषधोपचारांपासून रोखणे वगैरे. "यांतले तुमच्या आईच्या बाबतीत काय झाले, ते सांगा," ते म्हणाले. मला एकही सांगता येईना. आई सज्ञान होती, स्वतःच्या इच्छेने गेली होती आणि तसे लिहून द्यायला तयार होती. त्यांनी आमचा अर्ज घेतला, पोच दिली आणि दिवाणी वकिलाकडे जा असे सांगितले. मी तेव्हा चिडले होते; आज वाटते की त्यांनी अगदी योग्य सल्ला दिला. (अर्जाची शिक्का असलेली पोच मात्र जपून ठेवा. आमची पोच दोन वर्षांनी न्यायालयात, आम्हाला ही गोष्ट केव्हा कळली, हे दाखवायला उपयोगी पडली.)

ज्यांच्यामुळे वळण बदलले, त्या मिरजेच्या एक निवृत्त प्राध्यापिका. समाजशास्त्र शिकवत. त्यांच्याकडे मी डिसेंबर २०२२ मध्ये एका मैत्रिणीच्या ओळखीने गेले आणि रुग्णवाहिकेचा बेत सांगितला. त्यांनी सांगितले की १९७० च्या दशकात अमेरिकेत पालक आपल्या सज्ञान मुलांना नव्या पंथांतून असेच पळवून आणत, खोलीत कोंडून त्यांची मते बदलायला माणसे नेमत. त्यातून खटले झाले, कुटुंबे कायमची तुटली आणि शेवटी ती पद्धत मागे पडली. उलट लंडनच्या समाजशास्त्रज्ञ आयलीन बार्कर यांनी युनिफिकेशन चर्च या पंथावर, म्हणजे ज्यांना लोक मूनी म्हणत त्यांच्यावर, केलेल्या आणि १९८४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात असे दिसले की त्यांच्या कार्यशाळांना आलेल्यांपैकी फार थोडे लोक प्रत्यक्ष सामील झाले, आणि सामील झालेल्यांपैकीही बरेच जण एक-दोन वर्षांत कोणी न ओढता आपले आपण बाहेर पडले. "बाहेर पडणाऱ्याला परत यायला दार लागते," बाई म्हणाल्या. "तुम्ही ते बंद करत आणले आहे."

मी त्यांना आमच्या पुराची गोष्टही सांगितली. साधकांच्या उंबऱ्याला पुन्हा पाणी लागणार नाही, असे संस्थेच्या गुरुजींनी २०२० मध्ये म्हटल्याचे आई सांगे. जुलै २०२१ मध्ये पाणी पुन्हा आले, आमच्या उंबऱ्यालाही लागले. आता तरी आईचे डोळे उघडतील असे मला वाटले होते, पण ती म्हणाली की सामूहिक जपामुळेच यंदा पाणी २०१९ पेक्षा कमी राहिले. बाई हे ऐकून हसल्या नाहीत. त्यांनी मला एक जुनी घटना सांगितली. १९५४ मध्ये शिकागोजवळच्या एका छोट्या गटाने २१ डिसेंबरला महापूर येणार असे भाकीत केले होते. मानसशास्त्रज्ञ लिऑन फेस्टिंगर आणि त्यांचे सहकारी त्या गटात मिसळून नोंदी घेत होते. पूर आला नाही, तेव्हा आपल्या श्रद्धेच्या प्रकाशामुळे जग वाचले, असा अर्थ गटाने लावला आणि पूर्वी वार्ताहरांना टाळणारी ही मंडळी उत्साहाने प्रचाराला लागली. तिथे पूर न येणे हा पुरावा ठरला आणि आमच्याकडे पूर येणे. त्या दिवसापासून मी पुरावे देणे थांबवले.

मग मी काय केले, तर दर गुरुवारी संध्याकाळी केंद्राच्या फोनवर तिला फोन केला. चार-पाच मिनिटे मिळत. गुरुजींचा, घराचा किंवा दस्ताचा विषय काढायचा नाही असे ठरवले होते आणि ते पाळणे या सगळ्या प्रकरणात मला सर्वांत जड गेले. माझ्या मुलीची दहावी, गल्लीतल्या मांजरीची पिल्ले, हळदीचा भाव, असे काहीही बोलत असू. महिन्यातून एकदा तासगावचे बेदाणे घेऊन जात असे, कारण कांदा-लसूण नसल्याने ते तिथे चालत. जवळजवळ अकरा महिने हे चालले. एवढ्या काळात दावा करणे शक्यच नव्हते, हेही सांगते. घर आईचे, सही आईची. ती हयात आणि शुद्धीत असताना तिच्या दस्ताविरुद्ध आम्ही मुलांनी दावा लावायचा प्रश्नच येत नव्हता, कारण आमचे हक्क आम्हीच सोडून दिलेले होते.

आई बाहेर पडली ती तत्त्वज्ञानामुळे नव्हे. तिच्याकडे केंद्रातल्या कोठीचा हिशेब होता. चाळीस वर्षे तिने घरखर्चाची वही लिहिली, पूरग्रस्तांच्या मदतीतून आलेली साखरसुद्धा तीत नोंदवलेली आहे. केंद्रात एका भक्ताने दान दिलेली तांदळाची पोती खरेदी म्हणून दाखवली गेल्याचे तिच्या ध्यानात आले. तिने विचारले; उत्तर मिळाले नाही. पुन्हा विचारले, तेव्हा सत्संगात सर्वांसमोर तिला सांगण्यात आले की हिशेब मागणे हाही अहंकारच आहे, आणि दुसऱ्या दिवशी तिची कोठीतून झाडलोटीवर बदली झाली. २३ नोव्हेंबर २०२३ च्या गुरुवारी मी फोन केला, तेव्हा ती म्हणाली, "मला न्यायला ये. येताना मोठी पिशवी आण, माझ्या वह्या आहेत."

पहिले तीन महिने आम्ही तिला काहीही विचारले नाही. ती पहाटे चारला उठून अंधारात बसे, भाजी निवडताना एकदम थांबे, कोणाचा तरी आवाज ऐकल्यासारखे दाराकडे पाही. तिकडे तिच्यासारख्याच वयाच्या सात-आठ बायका होत्या, त्यांची तिला आठवण येई आणि त्या फोन उचलत नाहीत याचे दुःख होई. आम्ही सोडवून आणले म्हणून ती सुखी झाली असे चित्र मी रंगवणार नाही. मिरजेतल्या एका समुपदेशकांकडे सहा वेळा गेलो, दर वेळी ५०० रुपये. घराचा विषय तिनेच काढला, फेब्रुवारी २०२४ मध्ये, आणि पहिला प्रश्न मलाच विचारला: "परत मिळाले तर तू मागशील का ते?" मला लगेच उत्तर देता आले नाही. रात्री पुण्याला भावाशी बोलले आणि सकाळी तिला सांगितले की ते तिचे आहे, तिने पुन्हा कोणाला दिले तरी आम्ही विचारणार नाही. हे बोलताना माझा आवाज फारसा खात्रीचा नव्हता, हे तिच्या ध्यानात आले असावे.

कागदांची सुरुवात दुय्यम निबंधक कार्यालयापासून झाली. सूची क्रमांक दोन, म्हणजे नोंदवलेल्या दस्ताचा गोषवारा, नोंदणी विभागाच्या संकेतस्थळावर घरबसल्या पाहता येते. दस्ताची प्रमाणित प्रत मात्र कार्यालयातून घ्यावी लागते. अर्ज, शोध आणि नक्कल मिळून सहाशे रुपयांच्या आत खर्च आला आणि नऊ दिवस लागले. दोन्ही साक्षीदार संस्थेचे सेवक होते, दस्त संस्थेच्या वकिलांनी लिहिला होता आणि आईला नोंदणीच्या दिवशी सकाळी केंद्रातून त्यांच्याच गाडीने नेले होते. न्यासाची माहिती मी सांगलीतल्या सहायक धर्मादाय आयुक्त कार्यालयातून माहितीच्या अधिकाराखाली मागवली: अर्जावर १० रुपयांचे कोर्ट फी तिकीट, मजकूर दीडशे शब्दांच्या आत आणि एका अर्जात एकच विषय, हे तीन नियम पाळले तर अर्ज परत येत नाही. सव्विसाव्या दिवशी चौदा पाने आली, दर पानाला दोन रुपये. त्यांवरून कळले की सार्वजनिक न्यासांच्या कायद्याच्या कलम २२ प्रमाणे नव्वद दिवसांत द्यायचा फेरफार अहवाल, म्हणजे न्यासाच्या मालमत्तेतल्या बदलाची माहिती, न्यासाने आमच्या घराबाबत दिलेलाच नव्हता. त्यामुळे बक्षीसपत्र काही रद्द होत नाही, पण तडजोडीच्या वेळी समोरचे नरमले त्यात या चौदा पानांचा वाटा होता, असे आमचे वकील मानतात.

वकीलसाहेबांनी पहिल्याच भेटीत तीन रस्ते मांडले आणि दोन मिटवले. ज्येष्ठ नागरिकांच्या २००७ च्या कायद्याखाली प्रांताधिकाऱ्यांच्या न्यायाधिकरणाकडे जाता येते, पण त्याच्या कलम २३ साठी देणाऱ्याचा सांभाळ करण्याची अट दस्ताला जोडलेली असावी लागते, हे सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२२ मध्ये स्पष्ट केले होते. आमच्या दस्तात ‘श्रद्धेपोटी, विनामोबदला’ एवढेच लिहिलेले होते. फौजदारी तक्रारीत वर्षे जातील आणि घर तिथेच राहील. उरला दिवाणी दावा, तोही अनुचित प्रभावाच्या मुद्द्यावर. १८७२ च्या करार कायद्याच्या कलम १६ मध्ये हे तत्त्व आहे: एकाचे दुसऱ्याच्या मनावर वर्चस्व असेल आणि व्यवहार उघड उघड अन्यायाचा दिसत असेल, तर तो दबावाशिवाय झाला हे सिद्ध करण्याची जबाबदारी वर्चस्व असणाऱ्यावर येते. त्यांनी मन्नू सिंग विरुद्ध उमादत्त पांडे हा अलाहाबाद उच्च न्यायालयाचा एकोणिसाव्या शतकातला निवाडाही दाखवला. परलोकीच्या कल्याणासाठी एका वृद्ध गृहस्थाने सारी मालमत्ता आपल्या गुरूला लिहून दिली होती आणि न्यायालयाने तो दस्त रद्द केला होता. एवढी जुनी गोष्ट आहे तर, असे आई पुटपुटली. तिच्या चेहऱ्यावर बऱ्याच दिवसांनी थोडा हलकेपणा दिसला.

मला या रस्त्याचे मोल नंतर कळले. दाव्यात गुरुजी खरे की खोटे, त्यांची साधना शास्त्रीय की अशास्त्रीय, यातले काहीही सिद्ध करायचे नव्हते. आईला आपली चार वर्षांची भक्ती मूर्खपणा होती असे न्यायालयात म्हणावे लागले असते, तर ती पायरीही चढली नसती. विचारायचे एवढेच होते की त्या सकाळी तिला दस्त वाचून दाखवला होता का, तिच्या बाजूचे, स्वतंत्र सल्ला देणारे कोणी तिथे होते का, आणि नाही म्हणण्याची मोकळीक तिला होती का. फ्रान्समध्ये २००१ साली पंथांविषयी कायदा झाला, त्यातही पंथ म्हणजे काय याची व्याख्या न करता माणसाच्या दुर्बल अवस्थेचा गैरफायदा घेण्याला गुन्हा ठरवले आहे, असे मिरजेच्या बाईंनी सांगितले होते. पोलीस ठाण्यात मी नेमके उलटे टोक धरून बसले होते.

मुदतीची धास्ती होती. दस्त रद्द करून घेण्याच्या दाव्याला तीन वर्षांची मुदत असते आणि जानेवारी २०२४ मध्ये ती उलटली होती. पण करोनामुळे १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ मुदतीतून वगळण्याचा आदेश सर्वोच्च न्यायालयाने दिला होता, म्हणून आमची तीन वर्षे १ मार्च २०२२ पासून मोजली गेली. १८ एप्रिल २०२४ रोजी सांगलीतल्या विजयनगरच्या न्यायालयात दावा दाखल झाला. त्याच आठवड्यात दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकांकडे नोंदवून घेतली. महाराष्ट्रात ही लिस पेंडन्सची, म्हणजे दावा प्रलंबित असल्याची, नोंद केली नाही, तर दावा चालू असताना घर विकत घेणाऱ्याला दाव्याचा निकाल बांधील ठरवणे कठीण जाते. बऱ्याच पक्षकारांना हे सांगितले जात नाही. वकिलांची फी तीन हप्त्यांत ६०,००० ठरली होती. स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून विनामूल्य वकील मिळू शकतो, हे मला सहा महिन्यांनी, त्याच इमारतीतल्या एका फलकावर वाचून कळले. आईने तो फलक दोनदा वाचला आणि माझ्याकडे जे पाहिले, ते मी विसरणार नाही.

मग तारखा. त्यांविषयी लिहिण्यासारखे थोडेच आहे: समन्स लागले नाही, समन्स लागले, वेळ मागितला, न्यायाधीश रजेवर, वकिलांचा बहिष्कार. एकूण चौदा. आई दर तारखेला डबा घेऊन येई आणि बाकावर बसून जप करी, माळ तीच, तिकडची.

सप्टेंबर २०२४ मध्ये संस्थेची कैफियत आली आणि मला घाम फुटला. तीत लिहिले होते की वादी आता मुलीच्या प्रभावाखाली असून घर हडपण्यासाठी मुलगीच हा दावा चालवत आहे. म्हणजे आमचाच मुद्दा त्यांनी माझ्यावर उलटवला होता. खरे सांगायचे तर तो अगदी निराधारही नव्हता: ती माझ्याकडे राहत होती, माझ्या स्कूटरवरून येत होती, तिची औषधे मी देत होते, वकिलांशी बोलत मी होते. त्या दिवसापासून वकीलसाहेबांनी मला कार्यालयाबाहेर बसवायला सुरुवात केली. आई एकटीच आत जाई, स्वतः कागद वाचे, न कळलेल्या शब्दाखाली पेन्सिलने रेघ मारून अर्थ विचारी. तिच्या नावाने स्वतंत्र बँक खाते पुन्हा सुरू केले आणि फीचा तिसरा हप्ता तिने निवृत्तिवेतनातून स्वतः दिला. सरकारी रुग्णालयातून तिची मानसिक स्थिती ठीक असल्याचे प्रमाणपत्रही घेतले. हे सगळे दाव्याच्या सोयीसाठी केले होते, पण केंद्रातून आणल्यापासून मीही तिला न विचारताच सगळे ठरवत आले होते, हे मला त्या बाहेरच्या बाकावर बसून दिसले.

जून २०२५ मध्ये प्रकरण मध्यस्थीकडे गेले. संस्थेलाही साक्षी-पुरावे नको असावेत. कोठीच्या वह्या आईने न्यायालयात यादीसह दाखल केल्या होत्या. तीन बैठका झाल्या. न्यासाने घर नुसते परत बक्षीस दिले असते, तर स्थावर मालमत्ता हस्तांतरित करण्यासाठी त्याच न्यास कायद्याच्या कलम ३६ खाली धर्मादाय आयुक्तांची पूर्वपरवानगी लागली असती, म्हणून १२ जानेवारी २०२१ चा दस्तच रद्द ठरवणारा मसुदा वकिलांनी केला. आईने दिलेल्या देणग्या, सुमारे दोन लाख ऐंशी हजार, परत मागायच्या नाहीत असे तिनेच ठरवले. ते मी दिले होते, ते दिले, असे म्हणाली. भावाला हे पटले नाही, अजूनही पटलेले नाही.

सप्टेंबर २०२५ च्या राष्ट्रीय लोकअदालतीत, एका शनिवारी, तडजोड नोंदवली गेली. पॅनेलवरच्या न्यायाधीशांनी मला आणि वकिलांना दूर उभे राहायला सांगून आईला विचारले की हे कोणाच्या सांगण्यावरून चालले आहे. ती म्हणाली, "सही तेव्हाही मीच केली होती साहेब. तेव्हा वाचले नव्हते. हे तीनदा वाचले आहे, चौथ्या पानावर तारीख चुकली होती ती मीच सांगितली." तारीख खरोखरच चुकली होती. संस्थेतर्फे जे सेवक आले होते, त्यांच्यात फोटोसाठी खिळा ठोकणारा तो मुलगा होता. आईने त्याला डब्यातली पोळी-भाजी दिली आणि त्याने ती खाल्ली.

लोकअदालतीच्या निवाड्यावर अपील नसते आणि भरलेली कोर्ट फी परत मिळते. पण निवाडा झाला म्हणजे नाव लागले असे नाही. निवाड्याच्या प्रमाणित प्रती किमान चार घ्या. आम्ही दोनच घेतल्या आणि पुन्हा रांगेत उभे राहिलो. एक प्रत दुय्यम निबंधकांकडे, मूळ दस्ताच्या नोंदीवर रद्द झाल्याचा शेरा मारण्यासाठी. दुसरी नगर भूमापन कार्यालयात, फेरफारासाठी. तिथे हितसंबंधितांना हरकतीची पंधरा दिवसांची नोटीस निघते, आमच्या बाबतीत ती एकदा जुन्या पत्त्यावर जाऊन परत आल्याने दोन महिने गेले. तिसरी महापालिकेत, घरपट्टीसाठी. मधल्या वर्षांची थकबाकी न्यासाने भरलेली नव्हती, ती आम्ही भरली.

आई आता गावभागातच राहते, आणि गुरुवारचा फोन अजून चालू आहे. पहाटे चारचे उठणे सुटलेले नाही, जपही नाही. मालमत्ता पत्रक हातात आले त्या दिवशी तिने दाव्याच्या खर्चाची वेगळी वही काढून शेवटची नोंद केली: झेरॉक्स, १२ रुपये. तीत वकिलांची फी आहे, एसटीचे प्रत्येक तिकीट आहे, दोन्ही वेळच्या नकला आहेत, मी विसरलेले बाकावरचे चहाही आहेत. कोर्ट फीचा परतावा अजून आलेला नाही. जमेच्या बाजूला त्या ओळीपुढची जागा तिने मोकळी ठेवली आहे.